रंभाकाकू हजर होती

नागपूरच्या बाहेर, वाडीला अमरावती रोडच्या कडेनं गोदामांची रांग सुरू होते, तिथे माझ्या रंभाकाकूची खानावळ होती. पाटी नव्हती, पाटीची गरजही नव्हती, कारण काकूचा आवाज. "ए भाऊ, ट्रक तिकडे घे, मायाच दारात काहून उभा करून राहिला? तुह्या गाडीचा धूर खाऊ का मी?" हे ती चुलीपुढून बसल्या जागेवरून म्हणायची आणि रस्त्यापलीकडचा ड्रायव्हर निमूट गाडी मागे घ्यायचा. कुठकुठले लोक यायचे, पंजाबचे, आंध्राचे. मराठीचा गंध नसायचा, पण काकूचं बोलणं प्रत्येकाला बरोबर कळायचं. भाजी उरवली तर ती ताटाकडे बोट दाखवून असं काही बोलायची की दाढीवाले बाप्ये मान खाली घालून ताट पुसून खायचे.

त्या खानावळीत जाऊन बसले की मला हसू यायचं आणि थोड्या वेळानं राग यायचा. एवढ्या गळ्याच्या बाईचा वाटणीचा दावा नागपूरच्या कोर्टानं ती गैरहजर म्हणून काढून टाकला होता. आणि ती गैरहजर नव्हती. कोर्टाच्या दारासमोर, वऱ्हांड्याच्या खांबाशी बसली होती. तिला फक्त 'आहे' एवढं म्हणायचं होतं.

दावा माझ्या वडिलांविरुद्ध होता. म्हणून ही गोष्ट मी सांगते तेव्हा कोणाच्या बाजूनं सांगते हे माझं मलाही कधीकधी ठरवता येत नाही. पण जे झालं ते झालं.

आमचं गाव उमरेडच्या अलीकडे. घरात दोन भाऊ. थोरले माझे वडील रुपराव, धाकटे जयवंताकाका. रंभाकाकू लग्न होऊन आली तेव्हा मी पाळण्यात होते. भासरा म्हणजे नवऱ्याचा थोरला भाऊ. आमच्याकडे त्याच्यासमोर भावजईनं उघड्या तोंडानं यायचं नाही, त्याच्याशी बोलायचं नाही, आणि त्यानंही तिच्याकडे पाहायचं नाही. तो ओसरीत असला की तिनं डोक्यावरचा पदर पुढे ओढून भिंतीच्या कडेनं जायचं. ही रीत आमच्या गावात सगळ्याच घरी होती, पण आमच्या घरी जरा जास्तच कडक पाळत. माझे वडील रीतीभातीला फार जपणारे. गावात त्यांचा त्याबद्दल लौकिक होता, आणि तो त्यांना आवडायचा.

आता एका घरात राहायचं म्हणजे बोलल्याशिवाय भागत नाही. मग ओसरीतला पाण्याचा रांजण कामी यायचा. बाबा बाहेरून म्हणायचे, "रांजणा, सांगजो गा, आज निंदायले बाया येऊन राहिल्या. भाकरी वाढवून टाका म्हणा." आतून काकू म्हणायची, "रांजणा, सांगजो, ज्वारीचं पीठ सरलं. गिरणीत कोणी जाईन का म्हणा." रांजण मधे बसून सगळं ऐकायचा. मी लहान असताना एकदा त्याला कान लावून बसले होते, आतून खरंच कोण सांगतं ते ऐकायला. माझी आई मनकर्णा पोट धरून हसली होती. पुढे मी मोठी झाले आणि पुष्कळदा रांजणाचं काम माझ्याकडे आलं. "वच्छले, सांग वं तुह्या बापाले," आणि "वच्छले, सांग वं तुह्या काकूले." दोघंही हाताच्या अंतरावर असायची आणि दोघांनीही एकमेकांचं आधीच ऐकलेलं असायचं.

पण बाबांच्या मागे काकूचं तोंड बंद नसायचं बरं. ते वावरात गेले की घरात तिचाच आवाज. जात्यावर बसली की गल्लीतल्या बायजाबाई आपल्या अंगणातून तिच्याशी बोलायच्या, मधे दोन घरं असूनही. जयवंताकाका अबोल माणूस. तो म्हणायचा, देवानं दोघांचा आवाज एकाच माणसाला देऊन टाकला.

त्या दोघांनी विहीर खोदली. आमच्या वावराचा खालचा तुकडा कोरडवाहू होता. तिथे पाणी लागेल असं काकाच्या मनानं घेतलं. बाबांना पटलं नाही, पण त्यांनी अडवलंही नाही. मग दोन उन्हाळे काका खोदत राहिला आणि काकू टोपलीनं माती डोक्यावर वाहत राहिली. मजूर लावायला पैसा नव्हता म्हणून म्हणा, की काका हट्टी होता म्हणून म्हणा. पाणी लागलं त्या दिवशी काकू वावरातून धावत घरी आली आणि ओसरीत बाबा बसलेले पाहून एकदम थबकली. पदर ओढला आणि धापा टाकत म्हणाली, "रांजणा, सांगजो, पानी लागलं!" बाबा हसले होते. मला ते आठवतं, कारण बाबा फार क्वचित हसायचे. दुसऱ्या दिवशी ते नागपूरला गेले आणि सीताबर्डीवरून काकासाठी एक नवी छत्री घेऊन आले. लाकडी मुठीची, चांगली मोठी. काकानं मुठीवर पितळेची तार घट्ट गुंडाळून घेतली, पकड चांगली बसावी म्हणून. उन्हातान्हात विहिरीवर जाताना ती छत्री त्याच्या खांद्यावर असायची.

बासष्ट साली जयवंताकाका तापानं गेला. मूलबाळ नव्हतं. काकू तेव्हा तिशीचीही नसेल.

वर्षभरानं तिनं वाटणी मागितली. रांजणालाच मागितली. "रांजणा, सांगजो, विहिरीकडचं वावर मले वेगळं करून द्या म्हणा. मी वाहीन." बाबा मग म्हणाले, "रांजणा, सांगजो, या घरात खायाले कमी नाही. बाईमाणसानं वावर वाहून काय करायचं आहे?" काकू आतून म्हणाली, "खायाले नाही मागत. तिथली माती वाह्यली मी." आईनं मला डोळ्यांनी खुणावलं आणि मी उठून बाहेर गेले.

बाबा दुष्ट नव्हते हो. त्यांना भीती वाटत होती ती काकूच्या भावाची, गोविंदाची. वावर वेगळं झालं की उद्या गोविंदा त्यात नांगर घालणार, आणि घरची जमीन परक्याची होणार, हे त्यांच्या डोक्यात पक्कं बसलं होतं. आणि गोविंदाही काही साधा नव्हता. त्यानंच काकूला नागपूरला नेलं, वकील लावून दिला, आणि सहासष्ट साली कोर्टात दावा टाकला. दावा दाखल झाला तरी काकू आमच्याच घरी राहत होती, आमच्याच चुलीवर स्वयंपाक करत होती आणि बाबांचं ताट वाढून माझ्या हाती देत होती. बाबा ते जेवत होते. तारखेच्या दिवशी बाबा पहिल्या बसनं जायचे आणि काकू गोविंदाबरोबर दुसऱ्या बसनं.

दोनतीन वर्षं तारखा पडत राहिल्या. काकूला कोर्टात काही बोलावं लागलं नाही. नाव पुकारलं की वकील उभे राहायचे, पुढची तारीख घ्यायचे, आणि काकू बाहेर खांबाशी बसून असायची. ती म्हणायची, "कोर्ट म्हंजे निस्तं बसाचं काम आहे वं. घरी एवढी बसली असती तं सासूनं हाकलून देल्लं असतं." पण एक तारीख चुकवली नाही तिनं. वकील सांगायचे, कायदा तुमच्या बाजूनं आहे, निकाल लागला की वावर तुमचंच. तिनं विहिरीजवळ कुठे संत्र्याची झाडं लावायची तेही ठरवून ठेवलं होतं.

एकोणसत्तरच्या एप्रिलमध्ये तारीख आली तेव्हा गोविंदा मुलीच्या लग्नाची निमंत्रणं द्यायला परगावी गेला होता. काकू एकटी आली. जन्मात पहिल्यांदा एकटी एस.टी.त बसली. ऊन मरणाचं होतं म्हणून काकाची छत्री घेतली होती, दुसऱ्या हातात भाकरीचं गाठोडं. कोर्टात पोचली तर वकीलसाहेब वरच्या मजल्यावर दुसऱ्या खटल्यात अडकलेले. त्यांच्या कारकुनानं सांगितलं, "बाई, इथंच बसा. पुकारा झाला की 'आहे' म्हणा. मी तेवढ्यात साहेबांना बोलावून आणतो." आणि तो जिना चढून वर गेला.

कोर्टाच्या दाराशी बाकावर माझे वडील बसले होते.

पुढचं मला काकूनंच सांगितलं. मी तेव्हा नागपूरला शिक्षिकेचा कोर्स करत होते, महाल भागात खोली घेऊन राहत होते. त्या दिवशी दुपारी ती माझ्या दारात उभी राहिली, चेहरा उन्हानं काळवंडलेला. म्हणाली, "वच्छले, काढून टाकलं वं त्यायनं."

"काय काढून टाकलं?"

"दावा. मी नाही म्हने तिथी."

मला आधी वाटलं, ही उशिरा पोचली. बस चुकली असेल. म्हणाले, "काकू, थोडं आधी निघायचं नाही का?" तर ती माझ्यावर अशी ओरडली की खालची घरमालकीण वर आली. "मी तिथीच होती! पुकाऱ्याच्या नाकासमोर होती!"

मग हळूहळू सांगितलं. पुकारा करणारा चपराशी दारात आला आणि ओरडला, "रंभाबाई बेवा जयवंतराव, हाजर आहे?" काकू उठली. दोन्ही हात गुंतलेले, एकात छत्री, एकात गाठोडं. समोर भासरा. पदर डोक्यावरून घसरू नये म्हणून तिनं तो दातात धरून ठेवलेला. तोंड उघडलं की पदर सुटणार, आणि भासऱ्यापुढे तोंड उघडं पडणार. आत जावं तर दाराशी भासरा, त्याला घासूनच जावं लागणार. तिनं छत्री वर केली. चपराशी दुसऱ्या बाजूला तोंड करून पुन्हा ओरडला. तिनं छत्री आणखी वर केली. तिसऱ्यांदा पुकारा झाला आणि चपराशी आत गेला. आत साहेबांनी कागदावर सही केली. कारकून वकिलांना घेऊन खाली आला तोवर पुढच्या खटल्याचं नाव पुकारलं जात होतं.

"गाठोडं खाली ठेवायचं होतं ना, काकू."

"भुललीच होती वं मी. तोंडापर्यंत आलं होतं, दातापर्यंत आलं होतं." मग म्हणाली, "पण ज्यानं पाहायचं त्यानं पाह्यलं. तुह्या बापानं छत्री पाह्यली."

मी उठून तिला पाण्याचा तांब्या दिला.

दुसऱ्या दिवशी मी तिच्याबरोबर वकिलांकडे गेले. ते बिचारे ओशाळले होते. कोर्टाच्या भाषेत याला अदमपैरवी म्हणतात, त्यांनी मला समजावलं. दावा खरा की खोटा हे कोणी पाहिलंच नाही. चालवायला कोणी आलं नाही एवढ्यावर तो गेला. पण उपाय होता. महिनाभराच्या आत अर्ज करायचा आणि न येण्याचं सबळ कारण दाखवायचं, म्हणजे दावा पुन्हा उभा राहतो. "आपण लिहू, बाईंना ताप होता. डॉक्टरचा दाखला मी मिळवून देतो. रोज होतं असं," ते म्हणाले.

काकू म्हणाली, "मले ताप नव्हता."

"बाई, नुसतं लिहायचं आहे."

"ताप असता तरी मी आली असती. नवऱ्याच्या विहिरीसाठी आली होती मी, बजार कराले नाही. अन् मी आली नाही असं मायाच अंगठ्यानं लिहून देऊ? मी तं होती."

वकिलांनी परोपरीनं सांगितलं. मी सांगितलं. ती हटायला तयार नाही. मला तेव्हा तिचा फार संताप आला. एक खोटा ताप, आणि वावर मिळत होतं! आज वाटतं, ती बाई त्या दुपारपासून एकाच गोष्टीला धरून बसली होती, की मी होते. ती गोष्ट सोडली तर तिच्याजवळ दुसरं काही राहत नव्हतं. शेवटी वकिलांनी कंटाळून जसं झालं तसं लिहिलं. वादी हजर होती, रूढीमुळे बोलू शकली नाही, तिनं छत्री वर केली होती.

त्या अर्जाची सुनावणी उन्हाळ्याच्या सुट्टीनंतर झाली. मी गेले होते. काकूला पिंजऱ्यात उभं केलं. बाबा समोरच बसले होते. न्यायाधीश वयस्क आणि सौम्य होते. त्यांनी विचारलं, "बाई, तुम्ही आलेल्या होत्या, तर बोललात का नाही?"

काकूनं पदर पुढे ओढला, मान खाली घातली, आणि पिंजऱ्याच्या लाकडी कठड्याला म्हणाली, "कठड्या, सांगजो गा साहेबाले, थोरले समोर होते."

कोर्टात हशा पिकला. माझे कान तापले. न्यायाधीशांनी हात वर करून सगळ्यांना गप्प केलं आणि विचारलं, "मग?"

"कठड्या, सांगजो, पदर दातात होता. छत्री वर केली होती. नवऱ्याची छत्री. थोरल्यायनंच घेऊन देल्ली होती, त्यायले इचारा म्हणा."

वकिलांच्या कारकुनानं बाई आली होती असं सांगितलं, पण पुकाऱ्याच्या वेळी तो वरच्या मजल्यावर होता. चपराशाला बोलावलं. त्याला काही आठवेना. रोज इतके पुकारे, कुठली छत्री आणि कुठलं काय? त्यात त्याचंही काही खोटं नव्हतं. मग न्यायाधीश बाबांकडे वळले. शपथ दिली. "रुपरावजी, तुम्ही त्या दिवशी दाराशी होता. ही बाई तिथे होती का?"

बाबांनी 'होती' म्हटलं असतं तर दावा त्याच दिवशी पुन्हा उभा राहिला असता. मला ते ठाऊक होतं, काकूला ठाऊक होतं, आणि बाबांनाही ठाऊक होतं. मी त्यांच्या तोंडाकडे पाहत होते. ते हात जोडून अगदी हळू, नम्रपणे म्हणाले,

"साहेब, आमच्यात भासरा भावजईकडे पाहत नाही."

बस, एवढंच. खोटं एक अक्षर नाही. कोर्टातले दोनचार म्हातारे पक्षकार मान डोलवायला लागले, वा, काय मर्यादा! न्यायाधीशांनीही पुढे काही विचारलं नाही. ज्या रीतीनं काकूचं तोंड बांधलं तीच रीत बाबांनी पुढे केली आणि ते तिच्यामागे लपले. मी बाबांची लाडकी मुलगी. त्या क्षणी मला त्यांची इतकी लाज वाटली की मी उठून बाहेर गेले आणि वऱ्हांड्यातल्या त्याच खांबाशी उभी राहून रडले.

अर्ज फेटाळला. पुकाऱ्याच्या वेळी हजर असल्याचा पुरावा नाही, आणि गैरहजेरीचं कारण दिलेलं नाही. वकील म्हणाले अपील करता येईल. काकू म्हणाली, "कोणापुढं?" आणि चालायला लागली.

ती पुन्हा आमच्या घरी आली नाही. गोविंदाकडे थोडे दिवस राहिली, पण तिथे उठता-बसता 'तू बोलली काहून नाही' हे ऐकून घ्यावं लागायचं. आमच्या गावचा एकजण वाडीला गोदामात हमाली करायचा. त्याच्या ओळखीनं तिनं एक खोली भाड्यानं घेतली आणि हमालांच्या भाकरी थापायला लागली. हमालांमागून ट्रकवाले आले. तिथे ना कोणी भासरा ना कोणी सासरा, तिचा आवाज मोकळा झाला. मी नोकरीला लागल्यावर रविवारी तिच्याकडे जायची. ती मला वांग्याची भाजी वाढायची आणि गावातल्या सगळ्यांची चौकशी करायची, आईची, बायजाबाईची, गायीचीसुद्धा. बाबांचं नाव घ्यायची नाही, पण ते रीतीप्रमाणेच होतं, त्यामुळे त्याचा अर्थ काय लावायचा कळायचं नाही. छत्री तिच्या खोलीत खुंटीला टांगलेली असायची.

गावात बाबांचा मान वाढला. रुपरावनं कोर्टातसुद्धा मर्यादा सोडली नाही, असं लोक सांगायचे. बाबा तो विषय निघाला की उठून जायचे. आणि एक विचित्र सवय त्यांना लागली. त्यांनी छत्री वापरायचं सोडलं. पावसात पोत्याची खोळ डोक्यावर घेऊन हिंडायचे, उन्हात तसेच उघड्या डोक्यानं. मी एकदा नवी छत्री आणून दिली तर म्हणाले, "ते लचांड कोण सांभाळत बसते?" मी त्यांना चिक्कू म्हणून चिडवायची. त्यामागचं कारण तेव्हा माझ्या लक्षातच आलं नाही.

एकोणऐंशीच्या सुमारास आमच्या शिवारातली जमीन कोळशाच्या खाणीत गेली. एकट्या आमचीच नाही, सगळ्यांचीच. खालचा तुकडा आधी गेला. बाबा रोज सडकेवर जाऊन उभे राहायचे. एके दिवशी घरी येऊन आईला म्हणाले, "विहीर बुजवली आज." मोबदला मिळाला त्यातला काही भाग त्यांनी माझ्या हाती काकूकडे पाठवला. तिनं पुडकं उघडलंसुद्धा नाही. म्हणाली, "वच्छले, सांग त्यायले, मी वावर मांगतलं होतं." मी ते परत नेलं. बाबांनी पुडकं घेतलं, कपाटात ठेवलं आणि त्या दिवशी जेवले नाहीत.

आई गेल्यावर बाबा खचले. चौऱ्याऐंशी साली त्यांच्या डोळ्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नागपूरला केलं. माझ्याच घरी होते. डोळ्यांवरची पट्टी निघाली, चष्मा मिळाला, आणि पहिल्याच दिवशी म्हणाले, "वच्छले, वाडीले चाल." मी विचारलं कशाला. म्हणाले, "चाल म्हटलं तं चाल."

आम्ही पोचलो तेव्हा जेवणाची गर्दी ओसरत आली होती. काकूचा आवाज रस्त्यापासूनच येत होता. कोणीतरी अर्धी भाकर टाकून दिली होती आणि त्याची शोभा चालली होती. आम्ही दारात आलो. तिनं वर पाहिलं, आणि आवाज मधेच तुटला. हात पिठानं भरलेले होते, म्हणून तिनं मान वळवून पदर दातात धरला आणि आमच्याकडे पाठ करून चुलीशी बसली. केस पांढरे झालेल्या त्या बाईनं पंधरा वर्षांनी ते असं केलं की जणू कालच ओसरीतून उठून गेली होती.

बाबा बाकावर बसले. कोपऱ्यात पाण्याचा रांजण होता. ते त्याच्याकडे बघत राहिले. जेवणारे दोघेतिघे हात धुऊन निघून गेले. मग बाबा खाकरले.

"रांजणा," ते म्हणाले, आणि थांबले. पुन्हा म्हणाले, "रांजणा, सांगजो गा. छत्री पाह्यली होती मी. जयवंताचीच छत्री. त्यानं मुठीले पितळेची तार गुंडाळली होती, ते उन्हात चमकली. दोन खेपा वर झाली. मी पाह्यली होती. ते होती तिथी."

चुलीवर तवा तापून धूर यायला लागला होता. काकू हलली नाही. मला वाटलं, आता ती रडेल. मला वाटलं, आता ती वळेल आणि काहीतरी म्हणेल, आणि मग इतकी वर्षं दोघांच्या मधे बसलेलं काहीतरी उठून जाईल. बाबांनाही तेच वाटत असणार. ते बाकाच्या कडेला सरकले होते, नवा चष्मा सारखा करत होते.

काकूनं पिठाचे हात परातीत झटकले. दातातला पदर काढला, डोक्यावर सारखा केला. पाठ तशीच. आणि हळू, मी तिच्या तोंडून कधी ऐकला नव्हता इतक्या हळू आवाजात म्हणाली,

"रांजणा, त्यायले सांग, हे तुले नव्हतं सांगाचं. साहेबाले सांगाचं होतं."

एवढं बोलून तिनं तव्यावर भाकर टाकली. भाकर झाली तशी ताट वाढून माझ्या हातात दिलं, पूर्वी द्यायची तसंच. वांग्याची भाजी, कांदा, मीठ. बाबा जेवले. सगळं खाल्लं, काही टाकलं नाही. ताट मी उचललं. खुंटीवर छत्री होती, कापड विटून करडं झालेलं. बाबांनी जाताना एकदा तिच्याकडे पाहिलं आणि बाहेर पडले. काकू चुलीतली लाकडं मागे ओढत होती.

सिटी बसमध्ये आम्हाला जागा मिळाली. बाबा खिडकीशी बसले. मी इतकी वर्षं त्या दोघांचे निरोप इकडून तिकडे नेले होते, आणि मला एकदम फार थकल्यासारखं झालं. काकूची कीव येत होती. बाबांचीही येत होती, आणि ती येते म्हणून स्वतःचा राग येत होता. आता काय उपयोग होता त्या बोलण्याचा? वावर खाणीत, विहीर मातीखाली, ते न्यायाधीश कुठे असतील कोण जाणे. कोर्टाच्या कागदावर तर ती त्या दिवशी नव्हतीच.

बस नाक्यावरून वळली तेव्हा बाबांनी विचारलं, "वच्छले, तिनं पाह्यलं का वं मायाकडे? एकडाव तरी?"

तिनं पाहिलं नव्हतं. आम्ही दारात आल्यावर तिची नजर माझ्यावर पडली होती, बाबांवर नाही, आणि त्यानंतर तिनं मान वळवलीच नाही.

मी म्हणाले, "बाबा, आपल्यात भावजय भासऱ्याकडे पाहत नाही."

बाबांनी नवा चष्मा काढला, धोतराच्या सोग्यानं पुसला, आणि घरी पोचेपर्यंत हातातच धरून ठेवला.